पशुवैद्यकीय सेवेतील पशुवर्तनाचे स्थान : जालना जिल्ह्याच्या संदर्भात एक ऐतिहासिक अभ्यास

प्रस्तावना :

मनुष्य आजारी पडला म्हणजे त्याला काय होते ते तो वैद्याला सांगू शकतो. जनावराला ही सोय नाही. त्यामुळे पशुवैद्यकाच्या इतिहासात निदानाचे पहिले साधन औषध वा उपकरण नसून जनावराचे वागणे हेच राहिले आहे. गाईने चारा सोडला, रवंथ थांबले, बैल कळपामागे रेंगाळू लागला, घोडा वारंवार वळून आपल्या कुशीकडे पाहू लागला, की जाणता मनुष्य त्यावरून आजाराचा अंदाज बांधी. वर्तन हीच जनावराची भाषा असून ती वाचणे हा पशुचिकित्सेचा आरंभ होय.

असे असूनही पशुवैद्यकाचा इतिहास लिहिला जातो तेव्हा तो बहुधा संस्था, कायदे आणि लसी यांचा इतिहास असतो. वर्तन ओळखण्याचे ज्ञान कोणाकडे होते, ते कोणत्या कारणाने विकसित झाले आणि आधुनिक पशुवैद्यकात त्याचे स्थान कसे बदलत गेले, याकडे फारसे लक्ष दिले जात नाही. प्रस्तुत लेखात हा विषय जालना जिल्ह्याच्या संदर्भात मांडण्याचा प्रयत्न केला आहे. १ मे १९८१ रोजी स्वतंत्र जिल्हा म्हणून अस्तित्वात आलेला हा प्रदेश त्यापूर्वी मुख्यत्वे औरंगाबाद जिल्ह्याचा भाग होता आणि १९४८ पर्यंत तो निजामाच्या हैदराबाद संस्थानात समाविष्ट होता. लष्करी मोहीम, छावणी, बंजाऱ्यांची वाहतूक, धनगरांची मेंढपाळी आणि कोरडवाहू शेती हे जनावरांवर अवलंबून असलेले सर्व व्यवहार या भूमीवर घडले असल्याने अशा अभ्यासासाठी हा प्रदेश उपयुक्त ठरतो.

उद्दिष्टे :

१) पशुचिकित्सेच्या भारतीय परंपरेतील पशुवर्तनविषयक विचारांचा आढावा घेणे.
२) जालना परिसरातील लष्करी व कृषी जीवनात या ज्ञानाला असलेले महत्त्व स्पष्ट करणे.
३) आधुनिक पशुवैद्यकाच्या वाढीत वर्तनविषयक ज्ञान मागे का पडले आणि पुन्हा पुढे का आले, याची कारणमीमांसा करणे.

प्राचीन व मध्ययुगीन परंपरा :

भारतीय परंपरेत अश्वचिकित्सेचा आद्य आचार्य म्हणून शालिहोत्राचे, तर गजचिकित्सेचा आचार्य म्हणून पालकाप्याचे नाव घेतले जाते. नकुल व जयदत्त यांच्या नावावरही अश्ववैद्यकाचे ग्रंथ आहेत. या ग्रंथांत रोग आणि औषधे यांच्याबरोबरच जनावराचा स्वभाव, चाल, आवाज व शिक्षण यांचा विचार आढळतो. युद्धात वापरावयाच्या जनावराचे शरीर निरोगी असणे जेवढे आवश्यक, तेवढेच त्याचे मन स्थिर असणेही आवश्यक होते. म्हणून शिक्षण व चिकित्सा या दोन गोष्टी या परंपरेने एकमेकींपासून वेगळ्या केल्या नाहीत.

कौटिल्याच्या अर्थशास्त्रात गोऽध्यक्ष, अश्वाध्यक्ष व हस्त्यध्यक्ष अशा अधिकाऱ्यांची कर्तव्ये सांगितली आहेत. लहान वासरे, म्हातारी व आजारी गुरे यांची काळजी गुराख्यांवर सोपविलेली आहे. याच प्रकरणातील एक तपशील विशेष लक्षणीय आहे. साप व हिंस्र पशू दूर राहावेत आणि गुरे कोठे चरत आहेत ते कळावे, म्हणून भित्र्या गुरांच्या गळ्यात घंटा बांधावी असे तेथे म्हटले आहे. घंटा सर्व गुरांना नव्हे तर भित्र्या गुरांना बांधावयाची आहे. कळपातील प्रत्येक जनावराचा स्वभाव वेगळा असतो आणि त्यानुसार त्याची राखण करावी लागते, हे निरीक्षण या नियमामागे आहे.

मराठवाड्याच्या दृष्टीने महत्त्वाचा ग्रंथ म्हणजे कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याच्या नावावरील मानसोल्लास होय. सोमेश्वराचा राज्यकाल ११२६ ते ११३८ असा मानला जातो. या ग्रंथात हत्ती व घोडे यांची निवड, संगोपन, रोग आणि शिक्षण यांची माहिती एकत्र आली आहे. पुढील काळात शालिहोत्राची परंपरा फारसी भाषेत गेली आणि सुलतानी व मोगल अमलातील पागांमध्येही ती चालू राहिली. मराठीत घोड्याच्या वैद्याला रूढ झालेला ‘साळोत्री’ हा शब्द शालिहोत्र या नावापासूनच आला आहे. ग्रंथ फारशा लोकांनी वाचले नसले तरी आचार्याचे नाव धंद्याचे नाव होऊन पागेत टिकले, ही बाब परंपरेचे सातत्य दाखविते.

असईची लढाई आणि बैलांचा प्रश्न :

जालना जिल्ह्याच्या उत्तर भागात केळणा व जुई या नद्यांच्या दुआबात २३ सप्टेंबर १८०३ रोजी असईची लढाई झाली. एका बाजूस दौलतराव शिंदे व नागपूरकर रघूजी भोसले यांची सैन्ये होती, तर दुसऱ्या बाजूस आर्थर वेलस्ली याच्या नेतृत्वाखालील इंग्रज फौज होती. या लढाईचा अभ्यास सामान्यतः तोफखाना, कवायती पायदळ आणि सेनापतींचे निर्णय या अंगांनी केला जातो. परंतु ही मोहीम चालली ती बैलांच्या खांद्यावर, हे विसरता येत नाही.

म्हैसूरच्या मोहिमेपासूनच वेलस्लीने बैलांच्या निगेकडे बारकाईने लक्ष दिले होते. चांगली जनावरे, त्यांना नीट हाकणारे हात आणि त्यांची योग्य देखभाल असल्याखेरीज सैन्याच्या जलद हालचाली होऊ शकत नाहीत, असे त्याचे मत होते. १७९९ मध्ये टिपूच्या पाडावानंतर म्हैसूरची अमृतमहाल ही प्रसिद्ध गोशाळा इंग्रजांच्या ताब्यात आली. या जातीचे बैल वेगवान व काटक, पण स्वभावाने तापट म्हणून ओळखले जात. अशा बैलांकडून काम करून घ्यावयाचे तर त्यांना नुसता चारा घालून भागत नाही. ओळखीचा हाकणारा, ओळखीचा जोडीदार आणि ठरलेला क्रम यांची त्यांना गरज असते. जनावर बिथरले तर तोफ जागची हलत नाही.

असईच्या रणभूमीवर याचा प्रत्यय आला. मराठ्यांच्या तोफांच्या भडिमारात इंग्रजांच्या तोफा ओढणारे बैल आणि त्यांचे हाकणारे मोठ्या संख्येने मारले गेले. तोफा पुढे नेता येईनात, तेव्हा त्या मागे सोडून पायदळाला संगिनींसह पुढे जाण्याचा हुकूम वेलस्लीला द्यावा लागला. इंग्रजांचा विजय झाला, पण फार मोठी मनुष्यहानी सोसून झाला. या निर्णयामागे मेलेल्या बैलांचा वाटा होता, ही गोष्ट लष्करी इतिहासात नोंदली गेली आहे. मात्र त्या बैलांना ओळखणाऱ्या आणि त्यांच्याबरोबर मेलेल्या हाकणाऱ्यांची नावे कोठेही नाहीत.

याच मोहिमेत धान्यपुरवठ्याचे काम बंजाऱ्यांच्या तांड्यांनी केले. शेकडो लादलेले बैल मोजक्या माणसांच्या देखरेखीखाली चालविणे हे कळपाच्या स्वभावाचे ज्ञान असल्याखेरीज शक्य नव्हते. तांड्याच्या पुढे घंटा बांधलेला, अनुभवी बैल चाले आणि बाकीचे त्याच्यामागे जात. जनावरे पुढाऱ्याच्या मागे जातात, हे तत्त्व वर्तनशास्त्राने पुढे शास्त्रीय भाषेत मांडले. बंजाऱ्यांचा सारा व्यवसाय त्यावर आधीपासूनच उभा होता. जालना जिल्ह्यात आजही बंजारा समाजाचे तांडे आहेत. रेल्वे आली आणि त्यांच्या बैलांचे काम संपले. त्याबरोबर हे व्यावसायिक ज्ञानही निरुपयोगी ठरले.

छावणी, घोडे आणि साळोत्री :

एकोणिसाव्या शतकात जालना येथे हैदराबाद कंटिन्जंटची छावणी होती. १९०२ च्या वऱ्हाड करारानंतर १९०३ मध्ये हे दल ब्रिटिश भारतीय सैन्यात विलीन झाले आणि छावणीचे पूर्वीचे महत्त्व ओसरले. घोडदळात घोड्यांची देखभाल साळोत्री, नालबंद आणि मोतद्दार यांच्याकडे असे. १८६२ मध्ये पुणे येथे लष्करी पशुवैद्यक शाळा सुरू झाली आणि साळोत्र्यांच्या परंपरागत ज्ञानाला पाश्चात्त्य शिक्षणाची जोड मिळू लागली.

घोड्याच्या चिकित्सेत वर्तनाचे महत्त्व विशेष आहे. पोटशूळ झालेला घोडा पुढच्या पायाने जमीन उकरतो, कुशीकडे वळून पाहतो, बसतो, लोळतो आणि पुन्हा उठतो. टापेत वेदना असेल तर तो उभा राहताना भार एका पायावरून दुसऱ्या पायावर टाकत राहतो. या खुणा प्रथम दिसतात त्या चोवीस तास घोड्याजवळ असलेल्या मोतद्दाराला. वैद्य नंतर येतो. म्हणजे निदानाचा पहिला टप्पा सेवकाच्या हाती आणि दुसरा वैद्याच्या हाती, अशी ही विभागणी होती. लष्करी शिस्तीमुळे या दोघांत निरोपाची साखळी कायम राहिली. गावपातळीवरील पशुसेवेत अशी साखळी निर्माण होऊ शकली नाही, हा फरक लक्षात घेण्याजोगा आहे.

गोठा, रान आणि लोकज्ञान :

शेतकरी, गुराखी व धनगर यांच्याकडील ज्ञान ग्रंथात नसून भाषेत साठविलेले आहे. मारका, बुजरा, आडमुठा, गरीब ही जनावराच्या स्वभावाची विशेषणे. माजावर येणे, पान्हा सोडणे, पान्हा चोरणे, कान पाडणे, चारा सोडणे ही त्याच्या अवस्थांची क्रियापदे. घटसर्प, फऱ्या, लाळखुरकूत, बुळकांडी, तिवा, पोटफुगी ही रोगांची नावेही बहुतांशी दिसणाऱ्या लक्षणांवरून पडलेली आहेत. नवा गोऱ्हा औताला लावताना त्याला जुन्या, शांत बैलाच्या जोडीला जुंपण्याची पद्धत ही शिक्षणाचीच एक रीत होय. पोळ्याच्या आदल्या दिवशी होणाऱ्या खांदेमळणीत बैलाच्या खांद्याला तूप-हळद चोळली जाते. जूने सोललेल्या, सुजलेल्या खांद्याची ती वर्षातून एकदा होणारी तपासणीच असते. खांदा दुखत असलेला बैल हात लावताच अंग चोरतो आणि शेतकऱ्याला कळावयाचे ते कळते.

या ज्ञानाचा गौरव करताना त्याच्या मर्यादाही सांगितल्या पाहिजेत. लक्षण अचूक ओळखले तरी कारण चुकीचे ठरविले जाई. सुजेवर वा लंगडण्यावर तापलेल्या लोखंडाचा डाग देण्याची प्रथा जनावराला दुहेरी यातना देणारी होती. साथीच्या रोगात देवीचा कोप मानून आजारी व निरोगी गुरे एकत्रच राहत आणि रोग पसरे. निरीक्षण आणि उपचार या दोन बाबींचे मूल्यमापन म्हणूनच स्वतंत्रपणे करणे इष्ट ठरते.

साथीचे रोग आणि आधुनिक पशुवैद्यकाचा उदय :

आधुनिक पशुवैद्यक भारतात रुजले ते प्रामुख्याने बुळकांडीच्या भीतीमुळे. १८६९ मध्ये हॅलेन यांच्या अध्यक्षतेखाली गुरांच्या साथीविषयी आयोग नेमला गेला व त्याचा अहवाल १८७१ मध्ये आला. १८८६ मध्ये मुंबई पशुवैद्यक महाविद्यालय सुरू झाले. १८८९ मध्ये पुणे येथे स्थापन झालेली जीवाणूशास्त्रीय प्रयोगशाळा १८९३ मध्ये कुमाऊँतील मुक्तेश्वर येथे हलविण्यात आली. तेथेच १९२० च्या दशकात एडवर्ड्स यांनी शेळ्यांमधून संक्रमित करून सौम्य केलेल्या विषाणूपासून बुळकांडीची लस तयार केली. १९५४ मध्ये राष्ट्रीय बुळकांडी निर्मूलन कार्यक्रम सुरू झाला. २००६ मध्ये भारत या रोगाच्या संसर्गापासून मुक्त घोषित झाला आणि २०११ मध्ये जगातून बुळकांडीचे उच्चाटन झाल्याचे जाहीर करण्यात आले. देवी रोगानंतर मानवी प्रयत्नांनी नष्ट झालेला हा दुसरा रोग होय.

या यशाचे मोल निःसंशय मोठे आहे. बुळकांडीत गोठेच्या गोठे रिकामे होत आणि कुणबी वर्षानुवर्षे कर्जात बुडे. तथापि या यशाने पशुवैद्यकाचा दृष्टिकोनही बदलला. लसीकरणाच्या मोहिमेत एकेका जनावराचा स्वभाव वा वागणे यांना महत्त्व उरत नाही. किती जनावरांना लस टोचली हा आकडा महत्त्वाचा ठरतो. जनावर हे रोगजंतूचे वाहक म्हणून पाहिले जाऊ लागले आणि त्याचे वर्तन हा टोचणीतील अडथळा समजला गेला. मारक्या जनावराला दोरांनी आवळून पाडणे किंवा खोड्यात अडकविणे हाच वर्तनाशी येणारा संबंध उरला. पशुपालकही माहिती देणारा न राहता जनावर धरून आणणारा झाला.

मराठवाड्यात या सेवांचा विस्तार मुख्यत्वे स्वातंत्र्योत्तर काळात झाला. हा प्रदेश १९५६ मध्ये द्विभाषिक मुंबई राज्यात व १९६० मध्ये महाराष्ट्रात आला. १९६२ मध्ये जिल्हा परिषदा अस्तित्वात आल्यावर ग्रामीण पशुवैद्यकीय दवाखाने त्यांच्या व्यवस्थेखाली आले. १९७२ मध्ये परभणी येथे पशुवैद्यकीय महाविद्यालय सुरू झाल्याने विभागातच पदवीधर तयार होऊ लागले. तरीही एका दवाखान्याकडे अनेक गावे अशी स्थिती असल्याने जनावराचे निवांत निरीक्षण करण्यास डॉक्टरला वेळ मिळणे कठीणच राहिले.

वर्तनशास्त्राचा उदय व पुनरागमन :

विसाव्या शतकात पशुवर्तन हा स्वतंत्र शास्त्राचा विषय बनला. कॉनराड लोरेन्झ, निको टिनबर्गन व कार्ल फॉन फ्रिश यांना १९७३ मध्ये नोबेल पारितोषिक मिळाल्याने या शास्त्राला प्रतिष्ठा लाभली. इंग्लंडमध्ये १९६५ मध्ये ब्रॅम्बेल समितीने बंदिस्त पशुपालनाविषयी अहवाल दिला. जनावराला उठता, बसता, वळता, अंग साफ करता आणि हातपाय ताणता आले पाहिजेत, असे तिने सुचविले. अमेरिकेत टेंपल ग्रँडिन यांनी जनावराला काय दिसते, तो कशाने बुजतो याचा विचार करून गुरे हाताळण्याच्या जागांची रचना बदलली. जनावराभोवती एक अदृश्य सीमा असते, ती ओलांडली की ते पळते, हे त्यांचे प्रतिपादन कोणाही गुराख्याला ओळखीचे वाटेल.

पशुवैद्यकाच्या दृष्टीने तीन उदाहरणे विशेष महत्त्वाची आहेत. पहिले पान्ह्याचे. १९४१ मध्ये एली व पीटरसन यांनी गाय घाबरली असता दूध उतरत नाही, कारण भीतीने स्रवणारे संप्रेरक ऑक्सिटोसिनच्या कार्यात अडथळा आणते, हे प्रयोगाने दाखविले. अनोळखी माणसाला गाय दूध देत नाही, ‘पान्हा चोरते’, हे गवळ्याचे म्हणणे अशा रीतीने शास्त्राने मान्य केले. वासरू मेलेल्या म्हशीपुढे कातड्यात भुसा भरलेले वासरू ठेवण्याची जुनी रीतही याच आकलनावर आधारलेली होती.

दुसरे उदाहरण आजारी जनावराच्या वागण्याचे. १९८८ मध्ये बेंजामिन हार्ट या पशुवैद्यकाने असे मांडले की ताप, सुस्ती, खाणे कमी होणे आणि एकांत शोधणे ही केवळ अशक्तपणाची चिन्हे नसून रोगाशी लढण्याची शरीराची संघटित रीत आहे. ‘कळपामागे राहणारे जनावर’ हे मेंढपाळाचे आजारपणाचे पहिले लक्षण यामुळे सैद्धान्तिक अर्थाने स्पष्ट झाले.

तिसरे उदाहरण कृत्रिम रेतनाचे. १९६७ मध्ये मणिभाई देसाई यांनी उरुळीकांचन येथे स्थापन केलेल्या संस्थेने, म्हणजेच बाएफने, आणि शासनाच्या पशुसंवर्धन विभागाने संकरित गाईंचा प्रसार केला. गोठवलेले वीर्य, द्रव नत्र, प्रशिक्षित रेतक अशी सर्व व्यवस्था उभी राहिली. परंतु गाय माजावर केव्हा आली हे कळल्याखेरीज ही व्यवस्था निष्फळ ठरते. सकाळी माज दिसला तर सायंकाळी रेतन करावे आणि सायंकाळी दिसला तर दुसऱ्या दिवशी सकाळी, हा नियम संपूर्णपणे निरीक्षणावर उभा आहे. म्हशीचा माज तर बहुधा मुका असतो. हंबरणे, अस्वस्थता, दुसऱ्या गाईवर उडणे, दूध घटणे या खुणा प्रथम पाहते ती पहाटे गोठ्यात शेण काढणारी व धार काढणारी घरातील स्त्री. सर्वांत आधुनिक तंत्राला सर्वांत जुन्या ज्ञानाची अशी गरज पडली. मात्र माहितीची नोंद डॉक्टरच्या वहीत पुरुष मालकाच्या नावाने होते.

जालना जिल्ह्यातील सद्यःस्थिती :

जालना हा अवर्षणप्रवण जिल्हा आहे. १९७२ चा दुष्काळ आणि २०१२-१३ चा तीव्र दुष्काळ यांत येथील पशुधनाची मोठी परवड झाली. मराठवाड्यात दुष्काळी वर्षांत उघडलेल्या चारा छावण्यांत निरनिराळ्या गोठ्यांतील जनावरे एका छताखाली आली. अनोळखी जनावरे एकत्र येताच त्यांच्यात शिंगांनी झुंजून वरिष्ठ-कनिष्ठ क्रम ठरतो आणि दुबळ्या जनावराच्या वाट्याला चारा कमी येतो. म्हणून छावणीत चाऱ्याचे वजन मोजणे पुरेसे नसते. तो कोणत्या जनावराच्या पोटात गेला, हे पाहणेही पशुवैद्यकीय काम आहे.

२०१९ मध्ये सुरू झालेल्या राष्ट्रीय पशुरोग नियंत्रण कार्यक्रमात लाळखुरकूत व ब्रुसेल्लोसिस यांच्याविरुद्ध लसीकरण आणि १२ अंकी कानबिल्ल्याची व्यवस्था आली. २०२२ मध्ये लम्पी चर्मरोगाच्या साथीत राज्यभर गुरांचे बाजार बंद ठेवून लसीकरण करावे लागले. या उपाययोजना आवश्यकच होत्या. परंतु बिल्ल्यावरील क्रमांकातून जनावराची ओळख पटते. त्याचा स्वभाव, नेहमीचा आहार, नेहमीची चाल कळत नाही. नेहमीचे काय हे माहीत असलेल्यालाच बदल दिसतो. ट्रॅक्टरमुळे बैल कमी झाले, गायराने आक्रसली, गुराखी हा व्यवसाय जवळजवळ संपला आणि तरुण पिढी शहराकडे गेली. त्यामुळे ‘नेहमीचे’ माहीत असलेली माणसेच कमी होत चालली आहेत. पान्ह्यासाठी वासरू सोडण्याऐवजी ऑक्सिटोसिनचे इंजेक्शन टोचण्याचा बेकायदा मार्ग काही ठिकाणी अवलंबिला जातो, तो या ऱ्हासाचाच एक परिणाम म्हणावा लागेल.

या ज्ञानाचा संबंध माणसाच्या जिवाशीही आहे. रेबीज झालेले गुरू घोगऱ्या आवाजात सतत हंबरते, गिळू शकत नाही, लाळ गाळते. घशात काही अडकले असे समजून त्याच्या तोंडात हात घालणे जिवावर बेतू शकते. येथे वर्तनाचे अचूक वाचन हाच बचावाचा पहिला उपाय आहे.

निष्कर्ष :

१) भारतीय पशुचिकित्सेच्या परंपरेत वर्तन, शिक्षण व उपचार हे एकत्र होते. युद्धोपयोगी जनावरांच्या बाबतीत हे ज्ञान ग्रंथबद्ध झाले, शेतीच्या जनावरांबाबत ते भाषेत व रीतीत राहिले.

२) असईची लढाई, बंजाऱ्यांचे तांडे आणि जालन्याची छावणी यांवरून असे दिसते की जनावराचा स्वभाव जाणणारी माणसे लष्करी व आर्थिक व्यवहाराचा आधार होती. तरी इतिहासाच्या साधनांत त्यांना नाव मिळाले नाही.

३) साथरोगांवरील विजयाने वर्तनविषयक ज्ञान मागे पडले. हे ज्ञान खोटे ठरले म्हणून असे झाले नाही. समूहाला वाचविण्याच्या कामात एकेका जनावराकडे पाहण्याची गरज भासली नाही, हे त्याचे कारण होय.

४) पान्हा, माज आणि आजारी जनावराचे वागणे यांविषयीच्या संशोधनाने जुन्या निरीक्षणांना शास्त्रीय आधार दिला. तथापि ज्यांच्याकडे हे निरीक्षण आहे त्या स्त्रिया, गुराखी व मेंढपाळ यांना पशुवैद्यकीय व्यवस्थेत अद्याप औपचारिक स्थान नाही.

५) जिल्ह्यातील महाविद्यालयांनी आपल्या परिसरातील वृद्ध पशुपालकांकडून जनावरांच्या वर्तनाविषयीचे शब्द, खुणा व रीती यांचे मौखिक संकलन हाती घ्यावे. हे काम इतिहास, मराठी, समाजशास्त्र आणि प्राणिशास्त्र या विभागांना मिळून करता येण्यासारखे आहे. ज्या पिढीकडे हे ज्ञान आहे ती आज सत्तरीच्या पुढे गेली आहे. त्यामुळे या संकलनाला फार काळ थांबता येणार नाही.